हार्म ब्रुन्सचा चुकलेला गोळा

ताल्के ब्रुन्सचं नाव पडद्यावर झळकायला लागलं, तसं उत्तर जर्मनीच्या ओस्टफ्रीसलँडमधल्या तिच्या गावाच्या अंगावर मूठभर मांस चढलं. बेकरीत पाव घ्यायला आलेल्या परक्या माणसालाही ऐकावं लागे, "दिग्दर्शिका ताल्के? आमच्या हार्मची मुलगी!" समुद्राच्या बांधाआडची ही माणसं एरवी कौतुकाला भारी कंजूष.

ते नाव काही फुकट मिळालं नव्हतं. बर्लिनमध्ये तिनं कितीतरी वर्षं टीव्हीच्या पोलीस मालिका लिहिल्या. खून कुणी केला हे लिहिता लिहिता तारुण्य सरलं. मग हट्टानं स्वतःचा सिनेमा केला, त्याला बक्षीस मिळालं आणि पुढे दुसऱ्याच्या कथेला तिनं कधी कॅमेरा लावला नाही. हट्ट हा त्या घराण्याचा गुणच.

पन्नाशी उलटल्यावर तिनं वडिलांची गोष्ट लिहायला घेतली. हिवाळ्यात तिकडे दोन गावं रस्त्यावर उतरतात आणि गोळा फेकत मैलोन्‌मैल जातात. ठरल्या जागी कमी फेकींत जे गाव पोचेल ते जिंकलं. तरुणपणी हार्मनं शेजारगावाविरुद्धचा शेवटचा गोळा थेट रस्त्याकडेच्या पाण्याच्या चरात घातला. सामना गेला. त्यानंतर त्यानं गोळ्याला हात लावला नाही आणि गावानं त्याला ते विसरू दिलं नाही.

"बाबा, लिहू का?" तिनं विचारलं होतं.

"खरं लिहिणार असशील तर लिही. मला जिंकवू मात्र नकोस."

तरुण हार्मचं काम तिनं भाच्याला, आयकोला दिलं. बर्लिनच्या नटाला गोळा धरता तरी येतो का? इथवर ठीक होतं. पण शेजारगावच्या खेळाडूंच्या जागी तिनं खरोखरच शेजारगावचे खेळाडू उभे केले. तिथंच घोटाळा झाला.

शेवटचा प्रसंग होता आणि रस्ता फक्त त्या दिवसापुरता बंद करून मिळाला होता. आयको धावत आला, हात फिरला आणि गोळा रस्त्याच्या मधोमध सुसाट निघाला. गाव ओरडलं, "शाब्बास!"

"कट! आयको, चरात टाकायचाय!"

"कळतंय गं आत्या, पण हात ऐकत नाही. समोर ते दात काढून उभे आहेत ना!"

पुन्हा घेतलं. गोळा आणखी लांब गेला. मग आणखी लांब. उजेड उतरायला लागला. हा शॉट हुकला तर सिनेमाला शेवटच उरत नव्हता. ताल्के ओरडली, तिनं विनवलं, शेवटी रडकुंडीला आली. आयकोची मान खाली, पण गोळा सरळच.

तेव्हा गर्दीतून ऐंशीचा हार्म पुढे आला. नातवाच्या हातून त्यानं गोळा घेतला.

"बाजूला हो. माझा गोळा मीच टाकतो."

ताल्केनं कॅमेरावाल्याला नुसती मान हलवली. तरुण हार्म गेला उडत. शेवट तिनं तिथल्या तिथे बदलला होता.

म्हातारा चार पावलं धावला. दोन्ही गावांदेखत, आयुष्यभर ज्याची लाज वाटली तेच त्यानं जाणूनबुजून केलं. गोळा डावीकडे वळला आणि डुबुक्‌कन चरात गेला.

मग शेजारगावचा म्हातारा रेन्को, त्या जुन्या सामन्यात जिंकलेला, ओरडला, "हार्म, नेम अजून तसाच आहे की रे!"

रस्ता हास्यानं दणाणला. हार्मही हसला. या गोष्टीवर वडिलांना हसताना ताल्के पहिल्यांदाच पाहत होती. तिला इतका अभिमान वाटला, की ती कट म्हणायचंच विसरली. कॅमेरा चालूच राहिला.

हार्मनं लांब दांड्याच्या जाळीनं गोळा बाहेर काढला, कोटाला पुसला आणि लेकीकडे वळला.

"झालं का मनासारखं? नाहीतर परत टाकतो."

"नको बाबा," ती म्हणाली. "मला शेवट इतका चांगला लिहिता आला नव्हता."