पांगाऱ्याचं कुंपण

डिंभ्याच्या धरणात मासे धरणारा एक माणूस रोज आमच्या कुंपणापाशी थांबतो. नाव कधी विचारलं नाही. मी त्याला भाऊ म्हणतो, तो मला पावणं. बोलता बोलता पांगाऱ्याचं हलकं लाकूड तासून जाळ्यासाठी तरंगे करत असतो.

सातवीत शाळा सोडून मी नांदेडहून इथं या मळ्याच्या राखणीला आलो. पावसाळ्यात मी कुंपणाला लावलेल्या पांगाऱ्याच्या खुंटांची पानं थंडीत गळाली. मेलेले खुंट बघून मालक हाकलणार, या भीतीनं मी ते उपटायला लागलो.

भाऊनं हात धरला. बुचासारखी जाड साल चाकूनं जराशी खरवडली. आत हिरवं होतं.

“मेलं न्हाई, राव. थंडीत पानं टाकतंच हे. तुमी लई घाई करता!”

मग त्यानं खरवडल्या जागी ओला चिखल लावला.

गुढीपाडव्याला सगळे खुंट फुटले. मी आईला फोन केला, “इथंच राहतोय.”