शकूबाईने कोर्ट बदललं

जयगडच्या खाडीकाठी सुकी मासळी विकणारी शकू बोलायला लागली की पाण्यातल्या होडीवरचा माणूसही मान वळवून बघतो. नवरा गेल्यावर तिने घर चालवलं ते घरामागच्या खळ्याच्या जिवावर. चोपून सारवलेल्या त्या मोकळ्या जागेत ती जवळा पसरायची, बांबूंवर बोंबील टांगायची. एका सकाळी टोपली घेऊन गेली, तर खळ्याभोवती तारेचं कुंपण आणि आत धाकटा दीर रामा उभा!

"वयनी, जागा माझ्या बापाची. तुझं काय हाय हितं?"

"त्यांनीच वाटून दिली ना रे! रस्त्याकडची तुला, ही आमाला."

"कागद दाखव मग."

कागद नव्हताच. सासऱ्यांनी हयातीतच दोन्ही मुलांना समोर उभं करून, हद्दीला दगड पुरून तोंडी वाटणी केली होती.

पोलीस म्हणाले, "बाई, हे दिवाणी प्रकरण. मालकी आम्ही ठरवत नाही." मुंबईत नोकरीला असलेला तिचा मुलगा केतन तापला. "आता एकदम हायकोर्ट! तिथला हुकूम आला की काका सुतासारखा सरळ होईल." शकूलाही पटलं. जितकं कोर्ट मोठं, तितका न्याय मोठा असणार!

याचिका झाली. मुंबईच्या त्या उंच दालनात शकू मागच्या बाकावर पदर सावरून बसली. पुढे इंग्रजीत काहीतरी बोलणं झालं, वकिलाने मान डोलावली आणि संपलंच. बाहेर आल्यावर केतनचा चेहरा उतरलेला.

"हरलो गं, आये. याचिका मागे घ्यावी लागली."

"ते नक्की काय म्हणाले, ते सांग आधी."

"म्हणाले, हा घरातला जागेचा वाद आहे, सरकारचा यात संबंध नाही. साक्षीपुरावे घेऊन ठरवायची गोष्ट आहे, दिवाणी कोर्टात जा."

"शकू खोटारडी हाय, असं म्हणाले?"

"नाही."

"मग हरलो कुठं रे? बोंबील घेऊन सोनाराच्या पेढीवर गेलो आपण. त्यानं बाजार दाखवला. चल बाजारात!"

रत्नागिरीच्या वकील नम्रताताईंनी सगळं ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, "वाटणी डोळ्यांनी पाहिलेलं कुणी आहे का? दिवाणी कोर्टात माणूस पिंजऱ्यात उभा राहून बोलू शकतो."

"जानू तांडेल!" शकू उसळून म्हणाली. सासऱ्यांची होडी हाकणारा जानू आता पार थकला होता, पण बुद्धी शाबूत होती.

दावा दाखल झाला, तारखा पडत राहिल्या. शकू एकही चुकली नाही. तिची साक्ष झाली तेव्हा न्यायाधीशांनाच सांगावं लागलं, "बाई, जरा हळू बोला." मग जानू काठी टेकत आला.

"दगड मीच पुरले, साहेब. पहार माझ्या हातात होती. खळं थोरल्याला दिलं."

रामाच्या वकिलाने डिवचलं, "शकूबाई तुम्हाला मासळी देतात ना?"

"देते की. रामाच्या घरचीपण खातो मी. मग कुणासाठी खोटं बोलू, तुमीच सांगा!"

कोर्टात हशा पिकला. पुढे कोर्टाचा माणूस जागेवर आला. जानूने दाखवलं तिथे खणलं, तर मातीखालून दगड निघाले. ते बघून रामाने मान खाली घातली.

निकाल लागला. खळं शकूचं, ताबा तिला द्यावा. रामाने जिल्हा न्यायालयात अपील केलं, तेही फेटाळलं गेलं. मग एके दिवशी कोर्टाचा बेलीफ आला. तारा सुटल्या, खांब उपटले गेले. वाडीतल्या बायका जमल्या होत्या. शकूने पहिली टोपली खळ्यात उपडी केली आणि अशी काही आरोळी ठोकली की धक्क्यावरचे लोक धावत आले.

जरा वेळाने रामाची बायको गंगा घराच्या कुडाशी घुटमळताना दिसली. तिच्याही डोक्यावर ओल्या जवळ्याची टोपली होती.

"गंगे, उभी काय ऱ्हायलीस? ऊन चाललंय. त्या कडेला पसर."

गंगा आत आली. दोघी जावा वाकून जवळा पसरू लागल्या.