आमचं हॉस्पिटल बंद होणार होतं तेव्हा

हॉस्पिटलात नोकरी केली की किस्से आपोआप साठतात. पण आमचं कांदिवलीचं छोटं सरकारी हॉस्पिटल बंद करायची टूम निघाली, त्या वर्षभरात जेवढे साठले, तेवढे उरलेल्या सगळ्या नोकरीत नाहीत!

मी तिथे नर्स. गिरण्यांच्या संपात आसपासच्या घराघरांतल्या नोकऱ्या गेलेल्या. खाजगी नर्सिंग होम परवडणार कुणाला? पण वरून निरोप आला, "हे जुनाट बंद करा. चारकोपला नवी वस्ती होतेय, तिकडे पुढेमागे मोठं बांधू." लगेच लोकांत दोन तट!

*

शाळेच्या हॉलमध्ये पहिली मीटिंग. गिरणीतून घरी बसलेले राणेतात्या तावातावाने उठले, "तीनदा मी मरणाच्या दारात होतो. तिन्ही वेळा ह्याच हॉस्पिटलने वाचवलं!"

मागून त्यांची बायको ओरडली, "म्हणानच ह्यां बंद करूक होया!"

मीटिंग तिथेच संपली.

*

मग सह्यांची मोहीम. आमच्या शेजारच्या परबमास्तरांनी सकाळी 'वाचवा'वर सही केली आणि संध्याकाळी 'बंद करा'वरही!

"मास्तर, तुम्ही नक्की कुणाच्या बाजूचे?"

"दोन्हीकडचे लोक आपल्याच चाळीतले गं. मला इथेच राहायचंय ना!"

*

खरी वाट लागली मोर्चाच्या दिवशी. नेमके तेव्हाच वरचे साहेब न सांगता तपासणीला आले. ओपीडीत चिटपाखरू नाही. वॉर्डात खाटा रिकाम्या.

"पेशंट कुठायत?"

"हॉस्पिटल वाचवायला गेलेत, साहेब!"

कोपऱ्यातून पाय प्लास्टरमध्ये असलेला एकजण रडवेला होऊन म्हणाला, "मला नेलाच नाय हो!"

*

शेवटी हॉस्पिटल वाचलं कसं? 'वाचवा'च्या कमिटीवाले म्हणतात, मोर्चामुळे. मला विचाराल तर त्या एका दुपारमुळे.

बंद करायची ऑर्डर आली होती. पेशंट दुसरीकडे हलवले होते. साहेब नवंकोरं कुलूप घेऊन हजर. बाहेर सगळी वस्ती जमलेली. राणेतात्यांची बायको पदराने डोळे पुसत होती.

साहेबांनी दोन्ही दारं ओढली, कुरकुरत कशीबशी मिटली. मग ते वर बघतात, खाली बघतात, वाकून बघतात.

"अहो, कडी कुठाय ह्याला?"

आमची आया फिलोमिनाबाय गावठाणातली, हॉस्पिटल उघडलं त्या दिवसापासूनची. ती पुढे झाली.

"कडी बसवलीच नाय, साहेब. हॉस्पिटल कधी बंद असतं काय?"