हौसाबाईची पाखाडी

स्वातंत्र्य कशाला म्हणायचं, हे जगात ज्याला विचाराल तो आपापलं सांगेल. कुणी झेंडा दाखवील, कुणी स्वतःच्या खोलीची किल्ली. जयगडच्या वाटेवर एक बौद्धवाडी आहे, तिथल्या हौसाबाईला विचारून बघा. ती एक शब्द न बोलता तुम्हाला जांभ्या चिऱ्याच्या बावन्न पायऱ्या चढायला लावील, आणि वर पोचल्यावर पाणी देईल, तेही ऐटीत.

या वाडीत एक जुना रिवाज. पुरुष बहुतेक मुंबईला, म्हणून वाडीचं मंडळही मुंबईला. विहार रंगवायचा असो की विहिरीला कठडा घालायचा असो, कुदळ उचलायच्या आधी मुंबईला विचारायचं. रिवाज काही वाईट मनानं पडला नव्हता; गिरण्यांत राबून त्याच माणसांनी विहार उभा केला होता. पण राहायचं बायकांनी आणि ठरवायचं भलत्यांनी, हे कुठलं शहाणपण? हौसाबाईला ते कधीच पटलं नाही. तरी तिनं मान तुकवली, कारण नवरा मंडळात होता, आणि तो गेल्यावर मुलगा अमरदीप मंडळाचा सचिव झाला.

मग गेल्या पावसाळ्यात पाखाडी, म्हणजे रस्त्यापासून वाडीपर्यंतची चढणीची वाट, वाहून गेली. शेजारची सगुणा हंड्यासकट घसरली आणि पाय मोडून बसली. बायकांनी तिला खुर्चीत बसवून कशीबशी खाली उतरवली. हौसाबाईनं मुंबईला फोन लावला. उत्तर आलं, मे महिन्यात सगळे गावी येऊ तेव्हा ठराव घेऊ.

"मेपर्यंत काय आमी उडत जायचा?" हौसाबाई म्हणाली, आणि फोन ठेवून दिला.

नवरा मुंबईला जायच्या आधी त्याच्याबरोबर तिनं दहा वर्षं चिरेखाणीवर काढलेली. चिरा कसा बसवायचा, पायरीला बाहेरच्या अंगाला बोटभर उतार कसा ठेवायचा, हे तिला कुणी शिकवायला नको होतं. चिरे मात्र हवे होते. तिनं स्वतःचा चिऱ्यांचा गोठाच उतरवायला काढला. वाडीतल्या गोदानं विचारलं, "अगो, गोठा मोडतंस?"

"गुरा नाय त्या गोठ्याची काय पूजा करू?"

दिवाळीपासून शिमग्यापर्यंत गोदा, सखू आणि वाडीतल्या सगळ्या बायका राबल्या. आठवड्याला दोन नाही तर तीन पायऱ्या. सगुणा कुबडी टेकून बसायची आणि पायरी वाकडी गेली की ओरडायची.

बातमी मुंबईला पोचायला कितीसा वेळ? अमरदीपचा फोन आला. "आये, मंडळ तापलंय. बुद्धपौर्णिमेच्या सभेत माफी मागायची, नाहीतर वाडीतल्या महिला शाखेचं तुझं अध्यक्षपद सोडायचं, असं ठरलंय. माझ्यासाठी तरी माग."

त्या 'माझ्यासाठी'पाशी हौसाबाई अडली. पोटच्या पोराला चारचौघांत खाली बघायला लावायचं? चार दिवस तिला जेवण गोड लागलं नाही.

पौर्णिमेला मुंबईकर आले ते बॅगा घेऊन त्याच पायऱ्यांवरून. विहारात सभा बसली. अध्यक्ष राजारामभाऊ नात्यानं तिचे दीर. त्यांनी घसा साफ केला. "वहिनी, कुणाला विचारून बांधलीत?"

"सगुणाला इचारलं. गोदाला, सखूला इचारलं. जी रोज चढते तिला इचारलं. आजून कोण ऱ्हायला असंल तर सांगा."

मागं बायका हसल्या. राजारामभाऊ हसले नाहीत. "आणि माफी?"

"चुकले असते तर मागितली असती, भावजी. दुसऱ्याच्या ओंजळीनं पाणी पिऊन म्हातारी झाले. आता पद काढून घ्या, पण माफी मिळायची नाय."

"सचिवांनी नोंद करावी," राजारामभाऊ म्हणाले.

अमरदीपनं वही उघडली. हौसाबाईला त्याच्याकडे बघवेना. बराच वेळ तो लिहीत राहिला, मग उभा राहून मोठ्यानं वाचू लागला.

"वाडीतल्या बायकांनी मंडळाला न विचारता पाखाडी बांधली. हौसाबाईंनी माफी मागितली नाही. मागायचं कारणही नव्हतं."

शेवटचं वाक्य त्याला कुणीच सांगितलं नव्हतं. राजारामभाऊंनी वही मागून घेतली, दोनदा वाचली, आणि खाली सही केली.

बावन्नावी पायरी बसली त्या दिवशीही हौसाबाईचा ऊर इतका भरून आला नव्हता. आज तिच्या पोरानंही कुणाला न विचारता काहीतरी केलं होतं.