विद्याधर नगरातलं फ्रेंच जहाज

दिवाळीत किल्ला करायचा म्हणजे करायचा, मग गाव जयपूर असो नाहीतर जपान. बँकेने बदली करून कुठेही फेकलं तरी हे खूळ मी सोडलेलं नाही. इथली माती मात्र रेताड. गेल्या वर्षी इथल्या मराठी मंडळाच्या किल्ले स्पर्धेत परीक्षकांसमोरच बुरूज ढासळला, त्यात किल्ल्याची माहिती सांगताना लेक अडखळली आणि मंडळाची पोरं फिदीफिदी हसली. तेव्हापासून तिने मराठी बोलणंच सोडलं. मी मराठीत विचारायचो, ती हिंदीत उत्तर द्यायची. मला ते फार लागलं होतं, पण दाखवताना मी नुसता चिडायचो.

यंदा तिने अट घातली. "किला बनाओ, पर पानी में मेरा जहाज रहेगा." मोबाइलवर वाचून तिला एका जुन्या फ्रेंच शिडाच्या युद्धनौकेचं वेड लागलं होतं. नाव आम्हा दोघांनाही धड उच्चारता येईना, म्हणून नुसतं 'जहाज'. मी म्हटलं, "चालेल, पण माहिती तू सांगायची. मराठीत." ती थर्माकोल शोधायला निघून गेली.

मातीत भुसा कालवून मी विद्याधर नगरातल्या आमच्या अंगणात जलदुर्ग उभा केला. जहाज थर्माकोलचं, शिडं पतंगाच्या कागदाची. जयपुरात तो बारा महिने मिळतो. समुद्रासाठी ऐन चकल्यांच्या घाईत बायकोची परात लंपास केली, त्याबद्दल जे ऐकलं ते इथे लिहीत नाही.

परीक्षक म्हणून रेल्वेतून निवृत्त झालेले एक काका आले. मागे तीच पोरं, त्यांचे आईबाप. लेक आधी माझ्या पाठीमागे लपली, मग हळूच पुढे झाली.

"हे जहाज दोनशे वर्षांपूर्वी फ्रान्समध्ये बनलं. मतलब, बांधलं. मग लढाईत इंग्रजांनी पकडलं. स्वतःचा झेंडा लावला आणि फ्रान्सशीच लढायला पाठवलं. म्हातारं झालं, तेव्हा डोलकाठ्या काढून बंदरात त्याचं गोदाम केलं."

काकांनी चष्मा वर सरकवला. "छान. पण बाळा, किल्ल्यात दाखवलाय तो काळ त्याच्याही शंभरेक वर्षं आधीचा. हे जहाज इथे कसं आलं?"

माझी पाचावर धारण बसली. घोळ माझाच होता. किल्ला मी निवडला होता, साल कोण बघतो! पोरं हसायला सरसावली. लेकीने क्षणभर विचार केला.

"काका, बदली झाली त्याची."

काका हसायला लागले ते थांबेचनात. अंगणातले सगळेच हसले. बदलीचा मार न खाल्लेलं घर तिथे एकही नव्हतं. पोरंही हसली, पण सगळ्यांत मोठ्याने ती स्वतः.

बक्षीस राजा पार्क भागातल्या किल्ल्याला गेलं. त्यांच्याकडे कारंजं होतं, म्हणे. मी दोन दिवस धुसफुसत होतो.

किल्ला मोडायच्या दिवशी परात रिकामी करताना तिने विचारलं, "बाबा, पुढच्या दिवाळीला आपण कुठे असू?"

"बँकेला ठाऊक."

"मग जहाज नीट पॅक करा. त्याला सवय आहे."

मी परात घासायच्या निमित्ताने तोंड फिरवलं. डोळे भरून आले होते.