मेल्यावर मॅनेजर झालेला सिद्रामआण्णा

हायकोर्टाच्या व्हरांड्यात बाकावर बसलोय. शेठच्या वकिलानं प्रतिज्ञापत्र माझ्या हातात दिलंय आणि जेवायला गेलाय. तो आला की सही करायची. पंख्याची घरघर लांब लांब जाते, मान छातीवर पडते, आणि शेजारी कुणीतरी टेकतं. तापलेल्या लोखंडाचा वास येतो. सिद्रामआण्णा. आमच्या फौंड्रीतला भट्टीवाला. गेल्या साली वारला.

"सरक की, इराप्पा. मॅनेजरला जागा दे."

"कोण मॅनेजर?"

"मी की. मेल्यावर बढती मिळाली. जित्तेपणी बसायला स्टूल नव्हतं."

खरं आहे त्याचं. शेठनं आमच्या पगारातून पीएफ कापला आणि भरलाच नाही. पीएफ ऑफिसनं खटला घातला. आता तो खटलाच रद्द करा म्हणून शेठ हायकोर्टात आलाय. म्हणतो, कारभार माझ्याकडं नव्हताच, सगळं मॅनेजर सिद्राम बघायचा. पुरावा काय, तर फोटो. खंडेनवमीला यंत्रांची पूजा झाली की सगळ्यात जुन्या कामगाराला फेटा बांधून शेठच्या खुर्चीत बसवायची आमच्याकडं रीत आहे. नारळ फुटेपर्यंत. तोच हा आण्णाचा फोटो. आणि हा मॅनेजरच होता, असं मी शपथेवर सांगायचं. बदल्यात माझ्या पोरीला ऑफिसात नोकरी. मेलेल्यावर खटला चालत नाही आणि जित्ता सुटतो. एवढं डोकं हरामखोरानं पीएफ भरायला लावलं असतं तर कोर्टाची पायरी चढावी लागली नसती.

व्हरांडा तापायला लागतो. बाक भट्टीच्या तोंडाशी आहे. समोर, न्यायाधीशाच्या जागी, आण्णा फेटा बांधून शेठच्या फिरत्या खुर्चीत बसलाय. खुर्ची आपोआप गोल फिरते. त्याची पाठ दिसते, मग तोंड, मग पाठ.

"तुझ्या वैनीला ठाव हाय का, ती मॅनेजरीण झाली ते?"

"नाही, आण्णा."

"सांगू नको. चार घरची भांडी घासती. उगं रजा मागंल."

मला हसू येतं आणि हसायची लाजही वाटते.

"आण्णा, पोरीला नोकरी लागतीया."

"लागू दे की. पीएफ कापतील का तिचा?"

"कापतील."

"भरतील?"

भट्टी धगधगते.

"माझ्यामागं सगळ्यात जुना कोण ऱ्हायलाय रं फौंड्रीत?"

"मीच."

"मग फेट्याचं माप देऊन ठेव," आण्णा म्हणतो. खुर्ची थांबते. तो तळहातावर काहीतरी मळतो, टाळी देऊन झटकतो आणि माझा खालचा ओठ ओढून आत दाबतो. "धर. मॅनेजरकडनं."

"झाली का सही?"

वकील समोर उभा आहे. ढेकर देतो.

"तो भट्टीवाला होता," मी म्हणतो. बोलताना जीभ अडखळते. "तसं लिहून आणा, आत्ता सही करतो."

"शेठना काय सांगू?"

"फोटोत खुर्ची कुणाची आहे ते सांगा."

वकील माझ्या तोंडाकडं बघतो. "काय खाताय? कोर्ट आहे हे."

ओठ भाजतोय. जिभेनं चाचपतो. चुना लावलेली तंबाखू, चांगली मोठी चिमूट. मी जन्मात तंबाखू खाल्लेली नाही.

थुंकत नाही. तशीच धरून ठेवतो.