खंडेनवमीचा फोटो

माझे वडील शहर बसवर ड्रायव्हर होते. आमच्या घरात त्यांचे गाडीसोबतचे नऊ फोटो आहेत आणि नऊच्या नऊ फोटोंत त्यांचा चेहरा दिसत नाही. सांगितलं की लोक हसतात. पूर्वी मीही हसायची.

हे सगळे फोटो खंडेनवमीचे. त्या दिवशी डेपोत गाड्या धुऊनपुसून लख्ख करायचे. पुढं झेंडूचे हार, दोन्ही बाजूंना ऊस बांधलेला, काचेवर हळदकुंकवाची बोटं. नारळ फुटला की चाकाखाली लिंबू ठेवून गाडी हातभर पुढं घ्यायची, आणि मग स्टुडिओवाला फोटो काढायचा. बाकीचे ड्रायव्हर तेवढ्यात खाली उतरून, केसांवरून फणी फिरवून, गाडीपुढं उभे राहायचे. आमचे आबा उतरायचे नाहीत. “पूजा केल्याली गाडी मोकळी सोडायची नसती,” म्हणायचे आणि स्टिअरिंग धरून ऐटीत बसून राहायचे. त्यामुळं फोटोत कंडक्टर, मेकॅनिक, अगदी डेपोतला चहावालासुद्धा ठळक आणि आबा काचेमागं. काचेवर आभाळ चकाकतंय आणि त्यात एक पांढुरका डाग आहे, तो माझा बाप. इतका हट्टी माणूस मी दुसरा पाहिला नाही.

ते फोटो ओळीनं मांडले की गाड्यांचा सगळा इतिहास कळतो. आधीच्या फोटोंत नाकवाली बस आहे, इंजिन पुढं आलेलं. नंतर सपाट तोंडाच्या गाड्या आल्या. मागचा मोकळा माळ जाऊन तिथं पत्र्याची शेड आली, मग सिमेंटची इमारत. कंडक्टरांच्या पँटी खाली घोळदार झाल्या आणि पुन्हा अरुंद झाल्या. चालकाच्या खिडकीत मात्र दरवर्षी तोच डाग.

आबा गेले तेव्हा मी आठ वर्षांची होते. दुपारची पाळी संपवून आले, छातीत दुखतंय म्हणाले आणि दवाखाना गाठेपर्यंत सगळं संपलं. तेराव्याला भिंतीवर लावायला फोटो हवा होता. आईआबांचं लग्न मुरगूडकडच्या खेड्यात झालेलं, तिथं फोटोवाला कोण बोलावणार. शेवटी लायसनवरचा फोटो सापडला. त्यावर गोल शिक्का असा बसलेला, की अर्धा चेहरा त्याखाली गेलेला. चुलत्यांनी तो स्टुडिओत नेऊन मोठा करून आणला. शिक्क्याखालचा भाग तिथल्या पेंटरनं ब्रशनं भरला. त्यानं मिशी जाड केली, रंग उजळ केला आणि डोळेही आपल्या मनानंच काढले.

आईनं तो पाहिला आणि भरल्या घरात विचारलं, “ह्यो कोण पावणा आणून टांगलाय?” आयाबायांनी तिला गप्प केलं. पण ती कधी गप्प बसली नाही. दर सणाला त्या फोटोला हार घालायची आणि घालता घालता पुटपुटायची, “डोळं असलं नव्हतंच त्येंचं.” मला स्वतःला आबांचा चेहरा आठवत नाही. त्यांच्या शर्टाचा डिझेलचा वास आठवतो, मला उचलून बॉनेटवर बसवायचे ते आठवतं. चेहरा म्हटलं की भिंतीवरचाच डोळ्यांपुढं येतो. म्हणून आबा खरे कसे दिसायचे हे जगात एकट्या आईला ठाऊक, असं मी धरून चालले होते. तिलाही त्याचा अभिमान होता. गेल्या काही वर्षांत एकच घोकायची, “जायच्या आधी एकदा त्येंचं खरं त्वांड बगाय मिळाय पायजे.”

मागच्या हिवाळ्यात आबांच्या जोडीच्या कंडक्टर काकांचा फोन आला. शहराच्या जुन्या गाड्यांच्या फोटोंचं प्रदर्शन एका शाळेच्या हॉलात लागलं होतं आणि काकांनी आपल्याकडचे फोटो तिथं दिले होते. “त्यात तुजा बाबा हाय. खाली उतरल्याला. वहिनीस्नी घिऊन ये,” म्हणाले. माझ्या हातातली भाजी तशीच राहिली.

आई ठेवणीतलं लुगडं नेसली. बसनंच जायचं म्हणून हटून बसली. स्टॉपवर पाऊण तास उभ्या राहिलो, बस काही आली नाही. कोंबून माणसं भरलेली वडापची जीप दोनदा थांबून गेली, पण ऐंशीच्या बाईला त्यात कसं चढवायचं. एकेकाळी या रस्त्यावर बसमागून बस धावायची आणि त्यातली एक माझा बाप चालवायचा, हे आता कुणाला सांगायचं. शेवटी रिक्षा केली.

हॉलात आधी टांगे होते. स्टेशनबाहेर ओळीनं उभे, घोड्यांच्या तोंडाला चंदीच्या पिशव्या. मग भवानी मंडपापुढची एक बस, शेजारी सायकलींचा गठ्ठा. मग रंकाळ्याच्या कडेनं वळणारी गाडी, दारात लोंबकळणारी कॉलेजची पोरं. आई एकाही फोटोपुढं थांबली नाही. काका शेवटच्या फळीपाशी खुर्ची टाकून बसले होते. आम्हाला पाहून काठी टेकत उठले.

“ह्ये बगा वहिनी. हात मोडल्याला त्या वर्साचं. दुसऱ्या ड्रायव्हरनं गाडी घेतलीती, म्हणून ह्यो खाली. मी म्हटलं फोटू घिऊन जा घरी, तर म्हणतोय, गाडीत मी न्हाई तर फोटू कशाला.”

फोटो स्वच्छ होता. हार घातलेली बस आणि तिच्यापुढं पाच माणसं. कडेच्या माणसाचा उजवा हात गळ्यातल्या झोळीत होता. सडपातळ, सावळा, बारीक मिशीचा माणूस. ओठ किंचित उघडे, काहीतरी बोलत असावा. मी त्याच्याकडं पाहिलं आणि आत काहीच हललं नाही. कुठल्याही स्टॉपवर भेटावा असा एक माणूस. मला स्वतःची लाज वाटली. पण मी लहान होते, आई सांगेल, असं मनाशी म्हणून मी तिच्याकडं पाहिलं.

आई चष्मा पुसून वाकली. खूप वेळ वाकून राहिली. “हात मोडलता, व्हय,” ती म्हणाली. “तीन म्हैनं मी भरवत हुतो त्येंस्नी.” मग पुन्हा पाहिलं. पाची जणांवरून बोट फिरवलं आणि झोळीवाल्यावर आणून ठेवलं.

“ह्येच काय वो, भावजी?”

“म्हंजे काय वहिनी. बारा वर्सं एका गाडीवर काढली. मी चुकीन व्हय?”

आई सरळ झाली. माझा दंड घट्ट धरला आणि काकांना ऐकू जाणार नाही अशा आवाजात विचारलं, “तुला वळखू येत्यात?”

“येतात की,” मी म्हणाले. आयुष्यात इतकं वाईट खोटं मी बोलले नसेन.

“मला न्हाई येत गं,” आई म्हणाली. “डोळं मिटलं की भिंतीवरचंच म्होरं येतंय. चाळीस वर्सं त्येला हार घालून घालून ह्येस्नी इसरलो मी.”

ती रडली नाही. रडली असती तर मी तिला जवळ तरी घेतलं असतं. आबा एकदा गेले तेव्हा मला कळलंच नव्हतं. त्या हॉलात ते पुन्हा गेले आणि या खेपेला मला सगळं कळत होतं.

काकांना आमचं काही ऐकू गेलं नव्हतं. त्यांनी टाचण्या काढून फोटो उतरवला, शर्टाच्या बाहीनं पुसला आणि आईपुढं धरला. “घरी न्या. मोठा करून लावा. मी सांगतो हितल्या पोरांस्नी.”

आईनं तो हातात घेतला. झोळीतल्या हातावरून अंगठा फिरवला आणि काकांच्या हातात परत दिला.

“तुमच्यापाशीच ऱ्हाऊ द्या, भावजी,” ती म्हणाली. “तुमी वळखताय त्येंस्नी.”